डॉट क्वीन्सलँडला निघाली

दिग्दर्शक विचार करतो आणि मी ओरडते. आमच्या धंद्यात कामाची वाटणी अशी आहे. शेवटी पडद्यावर नावं सरकतात तेव्हा त्याचं नाव एकट्याचं, ठळक येतं. माझं खाली 'पहिली सहायक' म्हणून येतं, आणि तोवर लोक चहा टाकायला उठलेले असतात. माझी तक्रार नाही. ओरडायची मला लहानपणापासून हौसच. आई म्हणायची, "रेलीन, तुझ्या नवऱ्याला तुझ्या आवाजाचं बटण शोधावं लागणार." नवऱ्यानं बटण शोधलं नाही, सरळ दार शोधलं. ते असो.

क्लेम नॉस्केच्या शेजारी उभी राहून मी उभा जन्म ओरडले. क्लेम बरोसातल्या द्राक्षमळेवाल्या जर्मन घरातला. उंच, अबोल, खांदे जरा वाकलेले. ऍडलेडच्या टीव्ही केंद्रात तो शनिवारच्या फुटबॉलला कॅमेऱ्यामागच्या केबली ओढायला लागला, मग कॅमेऱ्यावर आला, मग बातम्या करायला लागला. पस्तिशीच्या आतबाहेर त्यानं एक सिनेमा केला. एकच. फ्लिंडर्सच्या डोंगरात, क्वॉर्नच्याही पलीकडे, जिथे माणसापेक्षा माश्या जास्त. एक विधवा मेंढ्या विकते, घराला कुलूप लावते आणि ट्रकमध्ये बसून निघून जाते, एवढीच गोष्ट. विधवा झाली होती एनिड ट्रेगेन्झा. मी तेव्हा दुसरी सहायक होते, म्हणजे ओरडायचं शिक्षण चालू होतं.

त्या सिनेमाचा शेवटचा शॉट मी डोळ्यांनी पाहिलाय, म्हणून सांगते. रीळ संपत आलं होतं आणि दुसरं आणायला कुणाच्या खिशात काही नव्हतं. ट्रक फाटकातून बाहेर पडला, क्लेम म्हणाला, "कट." कॅमेरा थांबला. आणि मग, सगळं थांबल्यावर, एनिडनं ट्रकच्या खिडकीतून मागे वळून पाहिलं आणि रिकाम्या घराकडे बघून हात वर केला. कुणी लिहिलेलं नव्हतं, कुणी सांगितलेलं नव्हतं. धुळीत तो हात कितीतरी वेळ दिसत होता. आम्ही सगळे बघत बसलो आणि कॅमेरा मात्र झोपलेला.

सिनेमा बरा चालला. परदेशातल्या एका महोत्सवातही जाऊन आला. तिथल्या कुणीतरी लिहिलं, चित्रपट सुंदर आहे, पण शेवट कोरडा वाटतो. क्लेमनं ते कात्रण ठेवलं नाही, पण वाक्य त्याला पाठ होतं.

दुसऱ्या सिनेमाच्या पैशांसाठी त्यानं सरकारी कचेऱ्यांचे उंबरे झिजवले. पटकथा बारा वेळा बदलली, चपला किती ते मोजलं नाही. मग गाद्यांच्या दुकानाच्या जाहिराती केल्या. गादीवर उड्या मारणारा तो कांगारू आठवतो? क्लेमचाच. आणि मग आली आमची मालिका, 'कोरेला क्रेसेंट', रोज संध्याकाळी सातला. तात्पुरतं काम म्हणून घेतलं त्यानं. वीसेक वर्षं तात्पुरतं चाललं. पार्ट्यांमध्ये लोक विचारायचे, "क्लेम, पुढचा सिनेमा कधी?" तो म्हणायचा, "आज सातला. जेवताना बघ." लोक हसायचे. मला पहिल्यांदा हसू आलं होतं, नंतर नाही आलं.

एक खोड मात्र त्यानं सोडली नाही. त्याचं कट उशिरा यायचं. प्रसंग संपला, नट बोलून मोकळे झाले, तरी हा गप्प. नटांनी भूमिकेतून बाहेर पडायचं नाही, कॅमेऱ्यानं हलायचं नाही, चिडीचूप. कधीकधी त्या रिकाम्या वेळात कुणीतरी उसासा टाकायचं, कपातला उरलेला चहा पिऊन टाकायचं, आणि नेमकं तेच टीव्हीवर सगळ्यात खरं वाटायचं. बहुतेक वेळा मात्र काहीच व्हायचं नाही आणि माझं वेळापत्रक बोंबलायचं. मी दात ओठ खात उभी. कारण आमच्याकडे एक नियम दगडावरची रेघ आहे: कट फक्त दिग्दर्शकानं म्हणायचं. बाकी जगभर मी ओरडेन, पण तो एक शब्द माझ्या तोंडून निघाला तर दुसऱ्या दिवशी मला कुणी कामावर घेणार नाही, आणि घेऊही नये.

आता एनिडकडे येते. 'कोरेला क्रेसेंट'च्या पहिल्या भागात ती होती, डॉट नावाच्या खट म्हातारीच्या भूमिकेत. शेजारच्या मर्लशी तिचं भांडण पहिल्याच भागात पेटलं, कारण मर्लचा चाकांचा कचऱ्याचा डबा डॉटच्या कुंपणासमोर उभा होता. ते भांडण वीस वर्षं पुरलं. मर्लचं काम करणारी शोना खऱ्या आयुष्यात एनिडची जिवाभावाची मैत्रीण. दोघी मधल्या सुट्टीत एकच सॉसेज रोल वाटून खायच्या आणि कॅमेरा सुरू झाला की एकमेकींचा गळा धरायच्या.

गेल्या वर्षापासून एनिडची वाक्यं हरवायला लागली. आधी एखादा शब्द, मग आख्खी ओळ. आम्ही फळ्यांवर मोठ्या अक्षरात लिहून धरायला लागलो. मग तिला फळ्या दिसायच्या, पण आपण त्या का वाचतोय हे आठवायचं नाही. एकदा तिनं मला विचारलं, "रेलीन, मी यात चांगली आहे की वाईट?" मी म्हणाले, "आगाऊ आहेस." ती म्हणाली, "हां, मग जमेल."

वरच्यांनी ठरवलं, बास झालं. आमच्या मालिकेत नको झालेल्या माणसाला मारत नाहीत, पार दूर उत्तरेकडच्या क्वीन्सलँडला पाठवतात. बहिणीकडे, मुलाकडे, हवापालटाला. वीस वर्षांत आम्ही इतकी माणसं पाठवली की तिथे आता उभं राहायला जागा नसेल. कुणाची नोकरी गेली तरी आमच्यात म्हणतात, "गेला बिचारा क्वीन्सलँडला." डॉटसाठी निर्माती टॅरिननं एक छोटा प्रसंग लिहून घेतला: स्वयंपाकघरात मर्ल फोन ठेवते आणि म्हणते, "डॉट गेली क्वीन्सलँडला, बंडाबर्गच्या बहिणीकडे." झालं. डॉट पडद्यावर नाहीच. तो प्रसंग शूट करून डब्यात तयारसुद्धा ठेवला.

एनिडला ते कळलं तेव्हा ती क्लेमच्या खोलीत आली. मी तिथेच वेळापत्रकाशी झटापट करत होते.

"क्लेम," ती म्हणाली, "मी फोनवरून जाणार नाही."

"एनिड, बस."

"बसत नाही. बसले की कशाला आले ते विसरते. मी माझ्या पायांनी त्या घरातून बाहेर येणार, लोकांच्या देखत टॅक्सीत बसणार आणि जाणार. मग मला खुशाल विसरू दे सगळं. एवढं कर माझ्यासाठी."

क्लेमनं नुसती मान हलवली. ती गेल्यावर तो उठला आणि टॅरिनकडे गेला, आणि मी मागोमाग, कारण असल्या ठिकाणी याच्या तोंडाला कुलूप लागतं हे मला माहीत.

टॅरिन वाईट नाही. तरुण आहे, तिच्याही मानगुटीवर कुणीतरी बसलेलं आहे. ती म्हणाली, "क्लेम, तिला चार वाक्यं जमणार नाहीत. सगळ्यांसमोर तिचं हसं होईल. मला ते बघवणार नाही. फोनचा प्रसंग सभ्य आहे."

"सभ्य आहे," क्लेम म्हणाला. "गादीची जाहिरातही सभ्य होती."

"म्हणजे?"

"एक दुपार दे मला. बुधवारची. जमलं तर जमलं, नाहीतर तुझा फोन वाजव."

टॅरिननं माझ्याकडे पाहिलं. मी म्हणाले, "वेळ काढते मी." कुठून काढणार होते देव जाणे. टॅरिन म्हणाली, "एक दुपार. उजेड गेला की संपलं. परत मागू नका." आणि मग जरा खालच्या आवाजात, "तुझाही शेवटचा आठवडा आहे, म्हणून."

हो, ते राहिलंच. क्लेमचा करारही त्या आठवड्यात संपत होता. पुढे चटपटीत पोरं येणार होती, वेळेवर कट म्हणणारी. युनिटमध्ये मी आणि टॅरिन सोडून कुणाला ठाऊक नव्हतं. बाहेर गाडीपाशी मी त्याला म्हटलं, "तुझं नाव मीच पुकारणार." आमच्यात रीत आहे, एखाद्याचं काम संपलं की पहिली सहायक त्याचं नाव मोठ्यानं पुकारते, सगळे टाळ्या वाजवतात, आणि मग बेडकाच्या आकाराचे हिरवे केक येतात, ऍडलेडला केकशिवाय कुणाला निरोप देता येत नाही.

"खबरदार," क्लेम म्हणाला. "एनिडचं पुकार. माझं तोंडातून काढलंस तर बघ."

"काय करशील? क्वीन्सलँडला पाठवशील?"

तो हसला. फार दिवसांनी हसला, खरं सांगते, आणि मला तिथेच रडू फुटलं असतं, म्हणून मी एका ड्रायव्हरवर विनाकारण ओरडले.

बुधवारी दुपारी आम्ही मालिकेतल्या गल्लीत उभे होतो. गल्ली खरी आहे, समुद्राजवळची, आणि घरांत खरी माणसं राहतात. ज्याला आम्ही डॉटचं घर म्हणतो तिथलं जोडपं शूटिंग असलं की मुलीकडे जातं. उत्तरेचा, वाळवंटाकडचा गरम वारा सुटला होता. झाडांवर कोरेला पोपटांची झुंड बसलेली, नुसता किचकिचाट. आवाज टिपणारा कपाळाला हात लावून बसला.

टॅक्सी खरी, ड्रायव्हरही खरा, टॅसो नावाचा ग्रीक म्हातारा. सकाळच्या तालमीत त्यानं कोपऱ्यावर वळताना करकचून ब्रेक मारला आणि मागचे लाल दिवे थेट शॉटमध्ये.

"टॅसो," मी त्याच्या खिडकीत डोकं घालून म्हटलं, "वळायचं आणि जात राहायचं. कट ऐकू येईपर्यंत त्या ब्रेकला शिवलास तर टॅक्सीसकट समुद्रात ढकलेन."

"बाई, कट मला ऐकू कसं येणार? मी तर कोपऱ्यापलीकडे."

मी त्याच्या मांडीवर एक वॉकीटॉकी आदळला. "यात येईल."

पहिल्या वेळी एनिड घरातून बाहेर आली, हातात सुटकेस, डोक्यावर डॉटची ती हिरवी टोपी. फाटकापाशी आली. समोर गल्लीतले सगळे शेजारी रांगेत उभे, शोना सगळ्यात पुढे. एनिडनं पहिलं वाक्य म्हटलं. दुसऱ्याला तोंड उघडलं आणि तिथेच थांबली. चेहऱ्यावर ते पसरताना मला दिसलं, एखादं माणूस जिना उतरताना पायरी नसलेल्या जागी पाय टाकतं तसं. "माफ करा हं," ती म्हणाली, "काय होतं पुढे?"

दुसऱ्या वेळी पोपट मध्ये पडले. तिसऱ्या वेळी तिनं शोनाकडे बघून म्हटलं, "पेग, तू कधी आलीस?" पेग तिची सख्खी बहीण. पेगला जाऊन युगं झाली. शोना तोंड फिरवून उभी राहिली.

टॅरिन माझ्याजवळ आली. "कानात यंत्र घाला तिच्या. कुणीतरी वाक्यं सांगू दे."

ते आधीच विचारून झालं होतं. एनिड म्हणाली होती, "कानात कुणी बडबडत असलं तर मी ऐकत बसेन. बोलणार कधी?"

"मग बास करू या, रेलीन. उजेड बघ." टॅरिनचे डोळे भरलेले होते. "तिला असं उभं करणं पाप आहे."

ती चुकत नव्हती, आणि तरी मला तिची मान धरावीशी वाटत होती. क्लेम खुर्चीतून उठला आणि चालत एनिडकडे गेला. फाटकाशेजारच्या बुटक्या भिंतीवर दोघं बसली. मी पाण्याची बाटली घेऊन जवळ घुटमळले, पाणी कुणालाच नको होतं.

"वाक्यं गेली रे, क्लेम," एनिड म्हणाली. "सकाळी होती. दात घासताना सगळी होती."

"जाऊ देत."

"मग मी करू काय तिथे उभी राहून?"

"तू घर सोडून चालली आहेस. घर सोडताना माणूस काय करतं ते कर."

"काय करतं?"

क्लेमनं जरा विचार केला. "मला माहीत नाही, एनिड. मी अजून सोडलेलं नाही. तू दाखव."

तिनं त्याच्याकडे टक लावून पाहिलं. त्या क्षणी तिला सगळं कळलं असं मला वाटलं, त्याच्या कराराचंसुद्धा. कदाचित माझंच मन वेडं. तिनं त्याच्या गुडघ्यावर थाप मारली आणि म्हणाली, "चल, ऊठ. माझा उजेड अडवू नकोस."

क्लेमनं सगळ्यांना एवढंच सांगितलं: शब्द ठरलेले नाहीत. जे होईल त्याला उत्तर द्या. आणि मला, "पोपट गप्प झाले की सुरू कर."

पोपट उडाले. मी ओरडले. कॅमेरे सुरू झाले. आणि सुरू झाल्यावर मला तो दिसला.

फाटकाच्या डाव्या अंगाला, रस्त्याच्या कडेला, पिवळ्या झाकणाचा कचऱ्याचा डबा. रिकामा, झाकण तिरकं. त्या गल्लीत बुधवारी कचऱ्याची गाडी येते. मी घराघरांत सांगून आले होते, दुपारच्या आत डबे आत घ्या. या घरचं जोडपं मुलीकडे गेलेलं, त्यांचा डबा आमच्या पोरांनी आत घ्यायचा होता. इतका वेळ त्याच्यापुढे आमच्या दिव्याचा स्टँड होता, तो आता हलवला होता आणि डबा कॅमेऱ्याच्या मधोमध. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. कोणाची चामडी लोळवू असं झालं. पण शॉट चालू, तोंड उघडायची सोय नाही.

एनिड बाहेर आली. दार ओढलं. दोन पावलं चालून परत गेली आणि दार ढकलून पाहिलं, लागलंय ना. खिडकीखालच्या नळाची चावी घट्ट केली. नळ ठिबकत नव्हता. फाटकापाशी आली, शेजाऱ्यांकडे पाहिलं. सगळे वाट बघतायत. तिचे ओठ हलले, आवाज आला नाही. शोनानं एक पाऊल पुढे टाकायला घेतलं, तेवढ्यात एनिडची नजर डब्यावर गेली.

"अगं बाई," ती म्हणाली. "गाडी केव्हाच येऊन गेली की."

सुटकेस तिनं जमिनीवर ठेवली. डब्याचं झाकण नीट बसवलं, दांडा धरला आणि डबा ओढायला लागली. चाकं खडखडत होती. रस्त्यावर रिकामा डबा ठेवून कुणी गावाला जातं का? आमच्याकडे नाही जात. शेजारी नावं ठेवतात.

मी क्लेमकडे पाहिलं. तो गप्प.

डबा फाटकाच्या उंचवट्याला अडला. एनिडनं ओढला, वर चढेना. आणि मग शोना पुढे आली, मर्ल म्हणू की शोना, आता मलाही सांगता येणार नाही. तिनं दांड्यावर हात ठेवला.

"सोड, डॉट. मी नेते."

"तुझ्या बाजूला नको नेऊस."

"नाही नेत गं."

"आतपर्यंत ने. फाटकात सोडून जाशील. तुझी खोड आहे."

"नाही सोडत."

एनिडचा हात दांड्यावरून निघत नव्हता. दोघींचे हात तसेच, एकावर एक. वारा टोपीशी खेळत होता. "भांडायला कोण मिळणार आता तुला?" एनिड म्हणाली.

शोनानं नुसती मान हलवली.

"मिळेल कुणीतरी," एनिड म्हणाली. तिनं हात काढला, सुटकेस उचलली आणि टॅक्सीत जाऊन बसली. टॅसोनं दार लावून घेतलं. टॅक्सी निघाली. मागच्या काचेत हिरवी टोपी वळली आणि हात वर झाला. शेजाऱ्यांनी हात हलवले, काही नुसतेच उभे राहिले. माझा दिवेवाला, दोन मणांचा गडी, बाहीनं नाक पुसत होता. टॅक्सी कोपऱ्यावर वळली, ब्रेकचे दिवे न लावता.

झालं होतं. बाई, झालं होतं! मी श्वास सोडला आणि कटची वाट पाहायला लागले.

कट आलं नाही.

रिकामी गल्ली. शेजारी तसेच उभे. शोना डब्याला धरून. कॅमेरावाल्यानं एक डोळा माझ्याकडे फिरवला. मी क्लेमकडे पाहिलं. तो खुर्चीत पुढे वाकून समोरच्या छोट्या पडद्यात बघत होता, तिथे रस्ता होता आणि दुसरं काही नव्हतं. त्याचे हात गुडघ्यांवर. मला वाटलं, म्हणेल आता. मग वाटलं, याला म्हणवत नाहीये. हे म्हटलं की एनिड संपली, आणि हाही.

टॅरिन माझ्या कानाशी कुजबुजली, "रेलीन, म्हण ना तू."

"ते माझं काम नाही."

"अगं, पण..."

"नाही म्हणते ना!" कुजबुजत ओरडायचं कसब मी त्याच दिवशी शिकले.

वेळ किती गेला विचारू नका. पोपट परत येऊन बसले. मग माझ्या कमरेच्या वॉकीटॉकीत खरखर झाली.

"रेलीन," टॅसोचा आवाज. "आम्ही जेटीपाशी आलोय. पुढे समुद्र आहे. थांबलो तर चालेल का?"

कुणीतरी फिस्सकन हसलं. मी बटण दाबणार तेवढ्यात टॅसो पुन्हा बोलला, या वेळी हळू.

"आणि बाई अजून हात हलवतायत. आख्ख्या रस्त्याला हलवत आल्या. मी म्हटलं, आजी, आता कोणी बघत नाही. तर म्हणाल्या, कट झालेलं नाही."

सगळ्या गल्लीनं ते ऐकलं. कुणी हललं नाही. तिला वाक्यं आठवत नव्हती, बहीण मेलेली आठवत नव्हती, पण कट म्हणेपर्यंत थांबायचं नाही, हे तिला आठवत होतं.

क्लेम उठला. माझ्याकडे हात पुढे केला. मी वॉकीटॉकी त्याच्या हातात दिला.

"एनिड."

खरखर. मग तिचा आवाज, जरा दमलेला. "क्लेम? चालू आहे का रे अजून?"

"आहे."

"मग हलवत राहते."

"हात दुखत असेल."

"दुखतोय की. दुखू दे. त्या वेळी तुझं रीळ संपलं होतं."

क्लेमनं डोळे मिटले. मी त्याला इतकी वर्षं बघत आले, कधी रडताना पाहिला नव्हता, आणि तेव्हाही तो रडला असं मी म्हणणार नाही. तो म्हणाला, "या वेळी भरपूर आहे."

"दिसला का हात?"

"दिसला, एनिड. सगळा दिसला."

"मग म्हण की. माझा खांदा गेला."

त्यानं वॉकीटॉकी तोंडाच्या अगदी जवळ नेला, जवळ बसलेल्या माणसाशी बोलावं तसा.

"कट, एनिड."

खरखरीत समुद्राचा आवाज आला. मग तिनं विचारलं, "कसं झालं?"

"चांगलं झालं."

"परत घ्यायचं का?"

"नाही," क्लेम म्हणाला. "परत नाही."

त्यानं वॉकीटॉकी मला परत दिला. मग मी माझं काम केलं. छातीत हवा भरली आणि आख्ख्या गल्लीला ऐकू जाईल असं ओरडले, "एनिड ट्रेगेन्झा, काम संपलं!" टाळ्या सुरू झाल्या. पोपट पुन्हा उडाले. टाळ्या थांबायच्या आत मी दुसरं नाव घेतलं. त्यानं बजावलं होतं ते माझ्या लक्षात होतं, पण मी काय ऐकणारी बाई आहे? "क्लेम नॉस्के, काम संपलं!"

लोक क्षणभर चपापले, एकमेकांकडे बघायला लागले. मग टाळ्या परत सुरू झाल्या, आणि सगळे खुर्चीकडे वळले. खुर्ची रिकामी होती.

तो फाटकापाशी होता. रडायच्या भरात शोनानं डबा तिथेच सोडला होता. क्लेमनं दांडा धरला, डबा मागे कलता करून उंचवट्यावर चढवला आणि घराच्या बाजूनं आतपर्यंत नेऊन ठेवला.

मग फाटक लावून तो बाहेर आला.